उजेड वाचणारा माणूस: व्हीएफएक्स सुपरवायझर नेमकं काय करतो

सेटवर एखादा शॉट ओके झाला की पुढच्या मिनिटभरात काय चालतं, ते फारसं कुणी बघत नाही. नट खुर्चीकडे वळतात, स्पॉटदादा चहा घेऊन येतात, लाइटमन पुढच्या शॉटसाठी स्टँड हलवायला लागतात. त्या गडबडीत एक जण हातात दोन गोळे घेऊन कॅमेऱ्यासमोर जाऊन उभा राहतो. साधारण नारळाएवढे गोळे. एक आरशासारखा चकचकीत, दुसरा राखाडी, चमक नसलेला. नट उभा होता बरोबर त्याच जागी तो हे गोळे धरतो, कॅमेरा काही सेकंद चालतो, आणि तो बाजूला होतो.

चकचकीत गोळ्यात सगळा सेट उतरलेला असतो. कुठला दिवा कुठे होता, किती उंचीवर होता, वरचं आभाळ निळं होतं की ढगाळ, सगळं त्याच्या पोटात दिसतं. राखाडी गोळा उजेडाचं वागणं सांगतो. उजेडाची बाजू कुठे संपते, सावली हळूहळू गडद होत जाते की एकदम काळी पडते, जमिनीवरची लाल माती खालून किती रंग चढवते. सहा महिन्यांनी कुणीतरी एका अंधाऱ्या खोलीत बसून त्याच जागी वाघ उभा करणार असतो. तो वाघ तिथलाच वाटायचा, तर त्याच्या अंगावर त्या दिवशीचा, त्या जागेचाच उजेड पडायला हवा. हे दोन गोळे म्हणजे त्या उजेडाची नोंद.

हे गोळे न विसरता धरायला लावणारा, आणि सहा महिन्यांनी त्या वाघाकडे बघून ‘अजून नाही’ किंवा ‘झालं’ असं सांगणारा माणूस म्हणजे व्हीएफएक्स (व्हिज्युअल इफेक्ट्स) सुपरवायझर.

मी बरीच वर्षं मुंबईत कॉम्पोझिटिंग करतोय. वेगवेगळ्या ठिकाणाहून आलेली चित्रं एकावर एक बसवून एकच चित्र वाटेल असं करायचं, हे माझं काम. आमच्या क्षेत्रात यायचं म्हणून मुलं भेटायला येतात, तेव्हा पहिला प्रश्न ठरलेला असतो: कुठलं सॉफ्टवेअर शिकू? प्रश्न चुकीचा नाही, पण सुपरवायझर होण्याचा रस्ता तिथून सुरू होत नाही. ज्यांच्या हाताखाली मी शिकलो ते सगळे मुळात बघणारे लोक होते. उजेड, वजन, वेग, अंतर यांच्याकडे ते इतक्या बारकाईने बघायचे की त्यांच्याबरोबर रस्त्याने चालताना बोलणं मध्येच तुटायचं.

उजेडाची नोंद राहिली तर काय होतं, ते मी स्वतः भोगलंय. सुरुवातीला एका सिनेमाच्या सेटवर माझ्याकडे नोंदी घेण्याचं काम होतं. संध्याकाळ होत आलेली, असिस्टंट डायरेक्टर ओरडत होता, ‘चला चला, लाइट जातोय!’ त्या घाईत गोळे घेऊन पुढे जायची माझी हिंमत झाली नाही. परत येताना गाडीत सुपरवायझर सरांनी विचारलं, ‘शेवटच्या शॉटचा गोळा घेतलास ना रे?’ मी गप्प. सर रागावले नाहीत. वहीत त्या शॉटसमोर त्यांनी फक्त एक फुली मारली. पुढे त्या सहा सेकंदांच्या शॉटने आम्हा चौघांचे दोन आठवडे खाल्ले. सूर्य कुठे होता, तो ढगाआड गेला होता का, सगळं अंदाजाने. दर वेळी काहीतरी खटकायचं आणि नेमकं काय खटकतंय ते कुणाला सांगता यायचं नाही.

आता थोडी व्याख्या. स्पेशल इफेक्ट आणि व्हिज्युअल इफेक्ट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सेटवर प्रत्यक्ष घडवतात ते स्पेशल इफेक्ट: पाइपने पाडलेला पाऊस, धूर, फुटणारी गाडी, आतून मोटारी लावलेला रबरी प्राणी. कॅमेऱ्याने टिपलेल्या चित्रात नंतर जे मिसळतात, पुसतात किंवा बदलतात ते व्हिज्युअल इफेक्ट, म्हणजेच व्हीएफएक्स. सुपरवायझर जबाबदार असतो तो दुसऱ्या प्रकाराला. पण कुठली गोष्ट सेटवर करायची आणि कुठली नंतर, हे ठरवताना त्याला दोन्हींची जाण लागते. १९९३च्या ‘जुरासिक पार्क’मध्ये गाडीतल्या ग्लासातल्या पाण्यावर गोल तरंग उठतात, तो शॉट अनेकांना आठवत असेल. त्यात कॉम्प्युटर कुठेच नाही. स्पेशल इफेक्टचं काम बघणाऱ्या मायकल लँटिएरीने गिटारची तार ग्लासाखालून ताणून बसवली होती, आणि ती छेडली की पाण्यावर तसे तरंग उठायचे.

त्याच सिनेमातले कॉम्प्युटरवर बनवलेले डायनोसॉर ज्याच्या देखरेखीखाली झाले, त्या डेनिस म्युरेनचं उदाहरण घेऊन मी हा पेशा समजावतो. कारण त्याच्या एका कारकिर्दीत या क्षेत्राचे जवळजवळ सगळे टप्पे येऊन जातात.

म्युरेनचा जन्म १९४६चा, कॅलिफोर्नियातल्या ग्लेंडेलचा. लहानपणापासून राक्षसांच्या आणि अवकाशाच्या सिनेमांचं वेड. कॉलेजात असताना मित्रांना घेऊन त्याने सुमारे साडेसहा हजार डॉलरमध्ये एक भुताखेतांचा सिनेमा केला. नंतर एका निर्मात्याने तो विकत घेतला, त्यात भर घातली, आणि १९७०मध्ये ‘इक्विनॉक्स’ या नावाने तो थिएटरात लागला. पुढची काही वर्षं जाहिरातींमध्ये बाहुल्या हलवण्यात गेली. १९७६मध्ये तो जॉर्ज लुकासच्या इंडस्ट्रियल लाइट अँड मॅजिक या नव्या कंपनीत ‘स्टार वॉर्स’च्या कामाला लागला, तो दुसरा कॅमेरामन म्हणून. कंपनी तेव्हा लॉस एंजेलिसच्या व्हॅन नाइज भागातल्या एका गोदामात होती.

तिथे काय चालायचं? अवकाशयानं म्हणजे टेबलावर मावतील अशी मॉडेल. ती जागेवर स्थिर ठेवायची आणि कॅमेरा त्यांच्या बाजूने फिरवायचा. हा कॅमेरा मोटारींवर चालायचा, आणि त्याची चाल नोंदवून ठेवून हवी तितक्या वेळा हुबेहूब परत घडवता यायची. एका फेरीत यानाचं अंग टिपायचं, दुसऱ्या फेरीत फक्त इंजिनाचा झगमगाट, तिसऱ्या फेरीत आणखी काही. तिन्ही फेऱ्या तंतोतंत जुळतात, म्हणून नंतर फिल्मवर त्या एकावर एक बसवता येतात. या मांडणीला मोशन कंट्रोल म्हणतात. आजही आम्ही कॉम्पोझिटिंगमध्ये रंग वेगळा, चमक वेगळी, सावली वेगळी असे थर घेऊन बसतो. त्या सवयीचं मूळ तिथलं.

दुसरा प्रश्न होता जिवंत प्राण्यांचा. बाहुली थोडी हलवायची, एक चौकट टिपायची, परत थोडी हलवायची, परत एक चौकट. सिनेमात सेकंदाला २४ चौकटी लागतात, म्हणजे पाच सेकंदांसाठी १२० वेळा हे करायचं. एकेक चौकट टिपत जाण्याची ही युक्ती आपल्याला नवी नाही. दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी कुंडीत वाटाणा पेरून, रोज त्याच्या थोड्या थोड्या चौकटी टिपत, अंकुर वाढताना दाखवणारी छोटी फिल्म केली होती. सिनेमासाठी पैसे लावणाऱ्यांना पटवायला ती उपयोगी पडली. भारतीय सिनेमाचा आद्य पुरुष आपल्या कामाची सुरुवात अशा दृश्य-करामतीने करतो, याचा मला नेहमी अभिमान वाटत आलाय.

वाटाण्याला जमलं ते राक्षसाला मात्र पूर्ण जमत नव्हतं. खरा हात जोरात हलला की फिल्मच्या एका चौकटीत तो पुसट, फराटा ओढल्यासारखा उमटतो. बाहुली टिपताना स्थिर असते, त्यामुळे तिची प्रत्येक चौकट लख्ख. डोळ्याला कारण कळत नाही, पण चाल तुटक वाटते. यावर १९८१च्या ‘ड्रॅगनस्लेयर’मध्ये म्युरेन, फिल टिपेट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उपाय काढला: चौकट टिपली जात असतानाच मोटारीने बाहुली किंचित हलवायची. फराटा आला, आणि ड्रॅगनच्या चालण्यात जीव आला. तंत्राला नाव पडलं गो-मोशन. आज कॉम्प्युटरवर मोशन ब्लर नावाचं एक बटण असतं, आणि शिकाऊ मुलगा ते विचार न करता दाबतो. ते का दाबायचं, हे ज्याला कळलं त्याची नजर तयार व्हायला लागली असं मी समजतो.

१९८४च्या ‘इंडियाना जोन्स अँड द टेंपल ऑफ डूम’मधला खाणीतल्या गाड्यांचा पाठलाग बघा. बोगद्याचं मॉडेल पूर्ण आकाराचा सिनेमा-कॅमेरा आत फिरवता येईल एवढं मोठं करायचं, तर खर्च हाताबाहेर जाणार. म्युरेनच्या टीमने फोटो काढायचा निकॉनचा साधा कॅमेरा बदलून त्यात सिनेमाची फिल्म चालेल असं केलं. कॅमेरा लहान झाला, म्हणून बोगदा लहान झाला, म्हणून खर्च आवाक्यात आला. बोगद्याच्या भिंती म्हणजे चुरगळून रंगवलेली ॲल्युमिनियम फॉइल. सुपरवायझरच्या डोक्यात पैसा आणि चित्र एकाच वेळी कसे चालतात, ते सांगायला माझ्याकडे याहून चांगला नमुना नाही.

मग कॉम्प्युटर आला. १९८५मध्ये ‘यंग शेरलॉक होम्स’साठी रंगीत काचेच्या खिडकीतून उतरून येणारा सरदार, १९८९मध्ये ‘द अबिस’मधला पाण्याचा सोंडेसारखा जीव. दोन्ही म्युरेनच्या देखरेखीखाली झाले, दोन्ही लांबीने अगदी थोडे. ‘अबिस’ला ऑस्कर मिळालं. आणि त्यानंतर या माणसाने जे केलं ते मला त्याच्या सगळ्या सिनेमांहून मोठं वाटतं. त्याने कामातून सुमारे वर्षभराची सुट्टी घेतली, कॉम्प्युटर ग्राफिक्सचं एक जाडजूड पाठ्यपुस्तक विकत घेतलं, आणि कॅफेत बसून ते वाचून काढलं. वय चाळिशीच्या पुढे, कपाटात अर्धा डझनाहून जास्त ऑस्कर, हाताखाली हे सगळं जाणणारी तरुण मुलं. तरी त्याला वाटलं की ज्या साधनाने पुढचं काम होणार आहे, ते आतून कळल्याशिवाय आपण ‘हे होईल’ किंवा ‘हे होणार नाही’ असं सांगू शकत नाही. परत आल्यावर १९९१चा ‘टर्मिनेटर २’ आणि त्यातला पाऱ्यासारखा वितळणारा माणूस.

‘जुरासिक पार्क’ची मूळ योजना वेगळी होती. जवळच्या शॉटसाठी स्टॅन विन्स्टनने बनवलेले खऱ्या आकाराचे यांत्रिक डायनोसॉर, आणि पूर्ण अंग दाखवणाऱ्या शॉटसाठी टिपेटच्या गो-मोशन बाहुल्या. कंपनीतल्या स्टीव्ह विल्यम्स आणि मार्क डिपे यांनी मात्र कॉम्प्युटरवर टी-रेक्सचा सांगाडा चालवून दाखवला. चाचण्या पुढे गेल्या, दिग्दर्शक स्पिलबर्गने त्या पाहिल्या, आणि योजना बदलली. आपला धंदा आता नामशेष झाला, अशा अर्थाचं टिपेट बोलून गेला, आणि स्पिलबर्गने ते सिनेमातल्या पात्राच्या तोंडी घातलं.

टिपेट गेला मात्र नाही. मोठ्या प्राण्याचं वजन एका पायावरून दुसऱ्या पायावर कसं जातं, मान वळायच्या आधी खांदा काय करतो, हे कॉम्प्युटरवरच्या मुलांना ठाऊक नव्हतं, टिपेटच्या माणसांना ठाऊक होतं. म्हणून सांध्या-सांध्यात सेन्सर बसवलेला एक धातूचा सांगाडा तयार केला गेला. बाहुली हलवणारे तो हाताने हलवायचे आणि कॉम्प्युटरमधला डायनोसॉर तसाच हलायचा. यंत्र नवं, बोटं जुनी.

आणि तो पावसातला हल्ला. विन्स्टनच्या टी-रेक्सची कातडी फोम रबराची होती. पाऊस पडला की ती स्पंजासारखी पाणी प्यायची, वजन वाढायचं, आणि तो अवाढव्य प्राणी थरथर कापायला लागायचा. टेकच्या मधल्या वेळात माणसं टॉवेलने त्याला पुसत बसायची. एका शॉटमध्ये हा ओला रबरी प्राणी, लगेच पुढच्या शॉटमध्ये कॉम्प्युटरमधला, आणि प्रेक्षकाला सांधा कळता कामा नये. रात्र, पाऊस, मोजकेच दिवे. अशा वेळी जनावर ओळखू येतं ते ओल्या कातडीवर सरकणाऱ्या चमकेवरून. ती चमक दोन्हीकडे सारखी उतरली, म्हणून तीस वर्षांनंतरही तो प्रसंग उभा आहे. सिनेमात डायनोसॉर दिसतात सुमारे १५ मिनिटं. त्यातली कॉम्प्युटरची ६ मिनिटांच्या आसपास.

म्युरेनच्या नावावर सगळे मिळून ९ ऑस्कर आहेत, त्यात दोन विशेष कामगिरीची आणि एक तांत्रिक. आकडा मोठा आहेच. पण मॉडेल, बाहुल्या, फिल्म आणि कॉम्प्युटर अशी साधनं बदलत गेली आणि त्या प्रत्येक काळात त्याला ते मिळत गेलं, हे मला जास्त सांगावंसं वाटतं.

आता आजचं काम. पटकथेत एक ओळ असते: ‘वाघ होडीत उडी मारतो.’ लेखकाला ही ओळ लिहायला दहा सेकंद लागली असतील. सुपरवायझर तिच्यावर दोन दिवस घालवतो. वाघ पूर्ण दिसतो की फक्त पंजा? पाण्यातून येतो, म्हणजे केस ओले; ओले केस एकमेकांना चिकटतात, त्यांचे झुपके होतात, ते वेगळं काम. होडी हलते, म्हणजे सेटवर ती हलवायला कुणीतरी हवं, आणि वाघाचं वजन पडल्यासारखी हलवायला हवं. पाणी उडतं, ते खरं उडवायचं की नंतर घालायचं? नटाने बघायचं कुठे? त्याची नजर टेकेल असं काहीतरी त्या जागी हवं. दिग्दर्शकाला हे एका शॉटमध्ये हवंय की पाच तुकड्यांत? पाच तुकडे स्वस्त पडतील, पण प्रसंगाची भीती कमी होईल का? या सगळ्याची उत्तरं मिळाली की शॉटची यादी, दिवस, माणसं, पैसे. पैशांचा हिशोब व्हीएफएक्स प्रोड्यूसर ठेवतो, पण ‘हे एवढ्यात होईल’ हा शब्द सुपरवायझरचा असतो.

शूटिंगच्या वेळी तो कॅमेऱ्याच्या मागे उभा असतो. लेन्स कुठली, कॅमेरा किती उंचीवर, नटापासून किती अंतरावर, सगळं टिपून घेतलं जातं. सेटचं लेझरने मोजमाप होतं. नट बाजूला करून रिकाम्या जागेचाही एक शॉट घेतात, त्याला क्लीन प्लेट म्हणतात. सेफ्टीच्या दोऱ्या किंवा रॉड पुसायचे असतील तेव्हा मागची भिंत तिथूनच मिळते. आणि निळा किंवा हिरवा पडदा, ज्याच्या जागी नंतर दुसरं दृश्य घालतात आणि ज्याला आपल्याकडे सेटवर सगळे क्रोमा म्हणतात, तो लावायचा की नाही, हेही तोच ठरवतो.

या क्रोमाचं एक उदाहरण मी प्रत्येक नव्या मुलाला सांगतो. ‘ड्यून’चे सुपरवायझर पॉल लॅम्बर्ट. वाळवंटाचा सिनेमा. मागे निळा पडदा लावला तर त्याचा निळा उजेड नटाच्या गालावर, कपड्यांवर येणार. खऱ्या वाळवंटात तर चहूकडून वाळूचा तांबूस उजेड येतो. लॅम्बर्टनी पडदेच वाळूच्या रंगाचे लावून घेतले. गालावरचा उजेड आपोआप बरोबर आला. मग पडदा वेगळा कसा काढायचा? चित्राचे रंग उलटे केले की तो तपकिरी रंग निळसर होतो आणि नेहमीच्या साधनांना ओळखू येतो. लॅम्बर्ट मूळचे कॉम्पोझिटर. क्रोमा काढायचं जे आयबीके नावाचं साधन न्यूक सॉफ्टवेअरमध्ये मी जवळपास रोज वापरतो, ते त्यांनीच लिहिलेलं आहे. हजारो वेळा पडदा काढत बसलेल्या माणसालाच सुचेल असा तो उपाय आहे.

शूटिंग संपल्यावर महिनोन् महिने डेलीज. सकाळी अंधाऱ्या खोलीत बसून आदल्या दिवशीचे शॉट मोठ्या पडद्यावर बघायचे आणि प्रत्येकाला काय दुरुस्त करायचं ते सांगायचं. इथे सुपरवायझरची खरी परीक्षा होते, कारण नुसतं ‘मजा येत नाही’ म्हणून चालत नाही. समोर बसलेल्या पोराला जागेवर जाऊन नेमकं काहीतरी करता यायला हवं. माझे एक सर म्हणायचे, ‘पंजा टेकतो तिथली सावली बघ, सुटलीये.’ एवढंच. मी सावली पंजाला भिडवायचो आणि तरंगणारा वाघ जमिनीवर उतरायचा.

इथवर पोचायला किती वर्षं लागतात? साधारण दहा-पंधरा, काहींना जास्त. मुंबई, हैदराबाद, चेन्नई, बंगळुरूच्या स्टुडिओंमध्ये आलेल्या बहुतेक मुलांची सुरुवात रोटो आणि पेंटने होते. रोटो म्हणजे चित्रातल्या माणसाची कड चौकटी-चौकटीने आखून त्याला मागच्या दृश्यापासून सुटं करणं. पेंट म्हणजे नको असलेल्या गोष्टी चित्रातून पुसणं. पाच सेकंदांत १२० चौकटी, त्यात नटीचे वाऱ्यावर उडणारे केस. काम कंटाळवाणं आहे, पगार कमी आहे, आणि अनेक ठिकाणी मुलं त्यातच अडकून पडतात. तरीही मी म्हणेन, माणसाची कड एवढ्या जवळून बघायची संधी दुसरं कुठलंच काम देत नाही. कड कुठे टोकदार असते, कुठे विरघळते, मागचा उजेड केसांतून कसा पाझरतो, हे डोळ्यांत मुरलं की कॉम्पोझिटिंगला त्याचा फायदा होतो. तिथून लीड, म्हणजे छोट्या टीमचा प्रमुख, मग एखाद्या प्रसंगाची पूर्ण जबाबदारी, मग सुपरवायझर. ॲनिमेशन किंवा लायटिंगमधूनही माणसं वर येतात. आपल्याकडे ‘शिवाजी’, ‘एन्दिरन’, ‘बाहुबली’चा पहिला भाग ही मोठी कामं सांभाळलेले श्रीनिवास मोहन यांच्याकडे बघितलं, तर इथे राहून या पेशात किती उंच जाता येतं ते कळतं.

या धंद्याची दुखरी बाजू लपवून मला कुणाला यात बोलवायचं नाही. बहुतेक कामं ठरलेल्या रकमेला घेतली जातात. दिग्दर्शकाचं मन बदललं, प्रसंग नव्याने करायचा झाला, तरी रक्कम बऱ्याचदा तीच राहते. फेब्रुवारी २०१३मध्ये ऱ्हिदम अँड ह्यूज या अमेरिकी स्टुडिओने दिवाळखोरीचा अर्ज केला, आणि त्याच महिन्यात त्यांच्याच ‘लाइफ ऑफ पाय’मधल्या कामाला ऑस्कर मिळालं. सुपरवायझर बिल वेस्टनहोफर स्टेजवरून स्टुडिओच्या अडचणीबद्दल बोलायला लागले, तर संगीत वाजवून त्यांचं भाषण थांबवलं गेलं. थिएटरबाहेर रस्त्यावर व्हीएफएक्सचे कामगार निषेध करत उभे होते. या स्टुडिओच्या शाखा मुंबईत आणि हैदराबादेतही होत्या. त्या सिनेमातला वाघ बघून जग थक्क झालं, आणि तो बनवणाऱ्या हातांना पगाराची खात्री नव्हती. ते आठवलं की आजही मला राग येतो. म्हणून चांगला सुपरवायझर माझ्या लेखी तो, जो दिग्दर्शकाला वेळेवर ‘हे बदललं तर एवढे दिवस वाढतील’ असं सांगतो आणि आपल्या माणसांच्या रात्री वाचवतो. हे सांगायला धीर लागतो, आणि तो धीरही या नोकरीच्या पात्रतेत मोडतो.

शिकायची सुरुवात कुठून करायची, तर स्वयंपाकघरातून करा. वरण वाढायचा स्टीलचा डाव घ्या आणि त्याची फुगीर पाठ डोळ्यांसमोर धरा. सगळं घर तिथे उतरलेलं दिसेल: खिडकी, ट्यूब, ओट्याची कड, तुम्ही स्वतः. सेटवरचा चकचकीत गोळा म्हणजे हेच. आता ओट्यावर एक लिंबू ठेवा आणि डाव त्याच्या शेजारी धरून मोबाइलने फोटो काढा. सकाळी एक, दुपारी एक, दिवेलागणीला ट्यूब लावल्यावर एक. लिंबाची उजळ बाजू कुठे आहे ते आधी बघा, मग डावात खिडकी कुठे दिसते ते बघा. ओट्याचा रंग लिंबाच्या बुडाला किती लागलाय ते बघा. आठ-दहा दिवसांनी घरातल्या कुणाला तरी सांगा, फोटोतला डाव तेवढा कापून मला दाखव. नुसत्या डावाकडे बघून लिंबाची सावली कुठे आणि किती लांब पडली असेल ते कागदावर काढा, आणि मग मूळ फोटोशी ताडून पाहा.